बाबांचे चोकोन

फ्रीझरच्या खालच्या कप्प्यात एक चपटा डबा आहे. त्याच्या झाकणावर लेकीने काळ्या मार्करने 'बाबांचे चोकोन' असं लिहिलंय. एक मात्रा खाल्ली आहे तिने, पण ओहायोत जन्मलेल्या पोरीने देवनागरीत एवढं लिहिलं यातच मी खूश, त्यामुळे दुरुस्त करायला गेलेलो नाही. डबा उघडला की आत बटर पेपरच्या थरांमध्ये पातळ, फिकट गुलाबी, दगडासारखे गोठलेले चौकोन. प्रत्येकाला पाच भोकं, फाशावरच्या पाचासारखी. बर्फ शोधायला गेलेला पाहुणा हे बघतो आणि फ्रीझरचं दार उघडंच ठेवून विचारतो, "हे काय आहे?"

स्लायडर आहेत. म्हणजे अजून व्हायचे आहेत. तळहातावर मावणारा, दोन घासांत संपणारा बारका हॅम्बर्गर. एरवीच्या बर्गरसारखा तो भाजत नाहीत, कांद्याच्या थरावर ठेवून वाफेवर शिजवतात. त्यामुळे त्याला कड नाही, कुरकुरीतपणा नाही, रंगही धड नाही. खिम्याची पॅटी राखाडी, बन ओलसर, मध्ये मऊ झालेला कांदा आणि पिकलची, म्हणजे आंबवलेल्या काकडीची, एक चकती. वर्णन करून कुणाच्या तोंडाला पाणी सुटावं असा हा पदार्थच नव्हे. बायकोने माझं वर्णन पहिल्यांदा ऐकलं तेव्हा ती एवढंच म्हणाली, "आणि हे तुला आवडतं?"

मी ओहायोतल्या कोलंबसला शिकायला आलो तेव्हाची गोष्ट. रूममेटकडे एक म्हातारी गाडी होती, तिचा हीटर फक्त ड्रायव्हरच्या पायांशी चालायचा. प्रयोगशाळेतून रात्री दीड-दोनला सुटलो की तो मला घ्यायला यायचा आणि आम्ही व्हाइट कॅसल या स्लायडर विकणाऱ्या हॉटेलात जायचो, कारण त्या वेळी उघडं तेवढंच असायचं. दहा स्लायडरची कागदी पिशवी. सहा त्याचे, चार माझे, कारण गाडी त्याची. पार्किंगमध्ये काचा बंद करून खायचो. काचांवर आतून धुकं धरायचं, आणि दुसऱ्या दिवशी माझ्या जॅकेटला, दप्तराला, इतकंच काय माझ्या टिपणांनाही कांद्याचा वास यायचा.

इथे एक गोष्ट सांगून टाकतो, नाहीतर कुणीतरी विचारणारच. मूळ स्लायडर बीफचा असतो. मी तेव्हा तो खाल्ला, लपवण्यासारखं काही नाही. आमच्या घरात मात्र बीफ येत नाही, हा करार लग्नाआधीचा आहे आणि मी तो पाळतो. २०१८ पासून तिथेच वनस्पतिजन्य 'इम्पॉसिबल' पॅटीचा स्लायडरही मिळतो, बायकोसाठी तो आणून झाला, तिने अर्धा खाल्ला. पण माझं खूळ वेगळं होतं. मला तो घरी करायचा होता. घरी म्हणजे टर्की पक्ष्याचा खिमा.

पहिल्या खेपेला मी स्वयंपाक केला. मुद्दाम असं म्हणतोय. चांगल्यातला खिमा आणला, त्यात मीठ, मिरी, लसूण, थोडी वूस्टर सॉस घालून मळला, बारके गोळे केले, बिडाचा तवा धूर निघेपर्यंत तापवला आणि गोळे त्यावर दाबून कडेने खरपूस होऊ दिले. बनही घरचे, बटरवर भाजलेले. कांदा वेगळा, मंद आचेवर पाऊण तास परतून तांबूस केलेला. दिसायला देखणे. योगायोगाने रूममेट त्या आठवड्यात आमच्याकडे होता. तो आता शिकागोला असतो, हीटर चालणारी गाडी बाळगतो. त्याने एक खाल्ला, दुसरा खाल्ला, बोटं पुसली.

"झकास झालेत," तो म्हणाला. "पण हे कुणीतरी मनापासून केल्यासारखे लागतात."

मी हसलो. रात्री भांडी घासताना मात्र ते वाक्य डोक्यातून जाईना. खरंच होतं ते. मी मोठ्या बर्गरची लहान आवृत्ती केली होती. स्लायडर ही मोठ्या बर्गरची लहान आवृत्ती नाहीच. इतिहास बघितला तर तो थोरला भाऊ आहे.

वॉल्टर अँडरसन नावाचा खानसामा १९१६ पासून कॅन्ससमधल्या विचिटा गावात हॅम्बर्गर विकत होता. आख्यायिका अशी की तव्यावर चिकटणाऱ्या खिम्याच्या गोळ्याला वैतागून त्याने एक दिवस उलथण्याने तो दाणकन चपटा केला आणि सपाट पॅटी जन्माला आली. अशा गोष्टी नंतर रचलेल्या असतात, असं मला कायम वाटत आलंय, पण त्याने खिमा पातळ केला, त्यावर कांदा दाबला आणि वर बन ठेवून झाकला एवढं खरं. १९२१ साली बिली इंग्रॅम हा विमा आणि जमीनजुमल्याच्या धंद्यातला माणूस त्याला येऊन मिळाला आणि व्हाइट कॅसल सुरू झालं. एक हॅम्बर्गर पाच सेंटला.

त्या काळात खिमा म्हटलं की लोक नाक मुरडायचे, आणि त्याला कारण होतं. १९०६ साली शिकागोच्या मांसधंद्यातली घाण एका कादंबरीने चव्हाट्यावर आणली होती, त्याच वर्षी अमेरिकेत मांसतपासणीचा कायदा झाला. कायदा झाला म्हणून मनातली किळस थोडीच जाते? खिम्यात काय दळून घातलंय हे कुणाला कळणार! इंग्रॅमने यावर जे केलं ते बघून मी थक्क होतो. नावातच पांढरा रंग घातला. इमारती पांढऱ्या, आतलं सगळं लखलखीत, नोकरांचे कपडे स्वच्छ, आणि सगळं काम गिऱ्हाइकाच्या डोळ्यांदेखत. किल्ल्याचं रूप घेतलं ते शिकागोच्या वॉटर टॉवरवरून, १८७१ च्या आगीतून वाचलेल्या त्या दगडी बुरुजावरून. पुढे पोर्सिलेनचा मुलामा दिलेल्या पोलादी इमारती बनवायला स्वतःची कंपनीच काढली, नोकरांच्या कागदी टोप्यांसाठी आणखी एक. १९३० च्या सुमारास तर मिनेसोटा विद्यापीठाच्या एका प्रयोगात एका वैद्यकीच्या विद्यार्थ्याने तेरा आठवडे फक्त हे हॅम्बर्गर आणि पाणी यावर काढले. तो ठणठणीत राहिला, आणि त्याचा गवगवा अर्थातच झाला. त्या पोराचा मी बरेचदा विचार करतो. नवव्या आठवड्यात त्याला नेमकं काय खावंसं वाटत असेल?

१९३४ मध्ये कंपनीचं मुख्यालय कोलंबसला आलं, ते अजून इथेच आहे. म्हणजे मी रात्री दोनला धुकं धरलेल्या गाडीत बसून जे खात होतो ते माझ्या गावचंच म्हणायचं. कोलंबस माझं गाव कधी झालं ते मात्र मला सांगता येणार नाही.

हे सगळं मी का वाचत बसलो, तर कृती शोधायला. आणि वाचता वाचता लक्षात आलं की इथल्या प्रत्येक गोष्टीमागे खानसाम्याइतकाच हिशेबनीसही उभा आहे. लहान का? स्वस्त पडावं म्हणून, आणि लोकांनी एकाऐवजी पिशवीभर न्यावेत म्हणून. चौकोनी का? गोल पॅट्या तव्यावर मांडल्या की मधल्या फटी वाया जातात, चौकोन कडेला कड लावून बसतात. भोकं का? सिनसिनाटीच्या एका कर्मचाऱ्याने सूचनापेटीत चिठ्ठी टाकली होती की पॅटीला भोकं पाडा, वाफ वर येईल, लवकर शिजेल, उलटायलाही नको. पाच भोकांची ती चिठ्ठी! मी नोकरी करतो तिथेही सूचनापेटी आहे. तिच्यात आजवर पार्किंगच्या तक्रारींखेरीज काही पडलेलं मी ऐकलेलं नाही.

मग मी दुसऱ्या बाजूने सुरुवात केली. यावेळी चव बाजूला ठेवली आणि आधी मोजमाप धरलं. जुन्या हिशेबाने एका पौंडात अठरा पॅट्या, म्हणजे एक साधारण पंचवीस ग्रॅमची. बेकिंग ट्रेवर बटर पेपर अंथरून त्यावर साडेचारशे ग्रॅम खिमा पसरला, वर दुसरा कागद ठेवून लाटण्याने लाटला. वीस बाय चाळीस सेंटिमीटरचा आयत होईपर्यंत लाटायचं, जाडी अर्ध्या सेंटिमीटरच्या जरा वर राहते. सुरीच्या बोथट बाजूने तीन रांगा, प्रत्येक रांगेत सहा अशा रेघा मारल्या आणि जाड स्ट्रॉने प्रत्येक चौकोनाला पाच भोकं पाडली. नव्वद भोकं. हे काम लेकीने हट्टाने मागून घेतलं. स्ट्रॉमध्ये अडकलेला खिमा फुंकून बाहेर काढायची कल्पनाही तिचीच, ती मात्र लगेच बंद करावी लागली. ट्रे तसाच फ्रीझरमध्ये, दोनेक तासांत टणक झाला की रेघांवर सुरी दाबायची, बिस्किटासारखे तुटतात.

खिमा मळायचा नाही आणि त्यात मीठही घालायचं नाही, मीठ वरून. हे मला उशिरा उमगलं. मीठ घालून मळलं की मांसातली प्रथिनं सुटतात आणि एकमेकांना धरतात, मग पॅटी सॉसेजसारखी रबरी होते. माझ्या पहिल्या, 'मनापासून' केलेल्या पॅटीचं तेच झालं होतं. टर्की घेताना पाकिटावरचे आकडे बघायचे, आधी मांसाचे टक्के, मग चरबीचे. ९३/७ लिहिलेला खिमा तब्येतीला बरा असेल, वाफेवर तो भुसा होतो. ८५/१५ घ्यावा.

आता कांदा. माझा अभिमान आडवा आला तो इथे. ताजा कांदा बारीक चिरायचा, डोळ्यांतून पाणी काढायचं, हे केलं की काहीतरी केल्यासारखं वाटतं. मूळ चवीसाठी मात्र लागतात बरणीत मिळणारे वाळवलेल्या कांद्याचे कण. दुकानात ती बरणी मसाल्यांच्या सगळ्यात खालच्या फळीवर असते, जिच्याकडे मी वीस वर्षांत वाकून बघितलं नव्हतं. पाव कप कण पाऊण कप गरम पाण्यात भिजवले की दहा मिनिटांत फुगतात. ताज्या कांद्याचा झणका त्यात नाही. आहे तो थोडा गोडसर, थोडा शिळा म्हणावा असा वास. झाकण उघडून मी नुसता हुंगला आणि त्या म्हाताऱ्या गाडीत जाऊन बसलो. म्हणजे इतकी वर्षं मी जी मांसाची चव समजत होतो ती या बरणीतली होती. बीफचा तिच्यात वाटा किती, हे मला आता नक्की सांगता येत नाही, पण टर्कीने काम भागतंय यावरून काय ते समजा.

तवा मध्यम तापवायचा, भिजलेला कांदा पाण्यासकट त्यावर पसरायचा. सूं आवाज झाला की गोठलेल्या पॅट्या तशाच कांद्यावर मांडायच्या, चिमूटभर मीठ. पॅटीवर बनचा खालचा भाग, कापलेली बाजू खाली करून, त्याच्यावर वरचा भाग. आणि झाकण. पॅटी तव्याला टेकतच नाही, ती कांद्याच्या गादीवर असते. तळाशी पाणी आहे तोवर तिथला उष्मा शंभर अंशांपलीकडे जात नाही, आणि मांस तांबूस व्हायला साधारण एकशेचाळीसच्या वर जावं लागतं. म्हणून ती राखाडी. कुठल्याही पाककलेच्या वर्गात याला चूक म्हणतील. पण वाफ त्या पाच भोकांतून वर येते, कांद्याचा वास घेऊन बनमध्ये शिरते, आणि वाया जाते म्हणून एरवी आपण जिच्यासाठी हळहळतो ती सगळी चव बनमध्ये मुरते. चार-पाच मिनिटं पुरतात. टर्की आहे, त्यामुळे आत चौऱ्याहत्तर अंश झालेत की नाही ते बघायचंच. इतक्या पातळ पॅटीत थर्मामीटर वरून खुपसून उपयोग नाही, आडवा घालावा लागतो.

पहिल्यांदा बनचा लगदा झाला. पाणी जास्त झालं होतं, शिवाय झाकणावरचे थेंब टपटप बनवर पडत होते. झाकणाला फडकं गुंडाळल्यावर ते थांबलं. दुसऱ्यांदा पाणी इतकं कमी घेतलं की कांदा करपला, आणि करपलेला कांदा खरपूस लागून पुन्हा चांगला बर्गर झाला. चांगला होऊ न देणं इतकं अवघड असतं हे मला माहीत नव्हतं. घरचे बनही सोडले. घरच्या बनला पोत असतो, पाव असल्याची जाणीव असते. इथे हवा दुकानातला मऊ, दाबला तर दाबलेलाच राहणारा बटाट्याचा बन. लेकीने मध्येच चीज मागितलं. घाल म्हटलं, तिच्या चौकोनांवर. आपल्याला काय!

तिसऱ्या-चौथ्या खेपेला सगळं जमलं होतं. आकार, रंग, कांदा, ओलावा. ताटलीत मांडले, खाल्ले. जवळ आलो होतो, खूपच जवळ. तरी काहीतरी राहत होतं. मोहरी कमी पडतेय का, पिकल चुकतंय का, असं करत मी दोन रविवार घालवले. बायको या प्रकाराला 'तुझं संशोधन' म्हणू लागली होती. २०१४ मध्ये 'टाइम' मासिकाने आजवरच्या सर्वांत प्रभावी बर्गरांची यादी केली, तिच्यात पहिला नंबर याच स्लायडरला दिला होता, हे मी तिला ऐकवलं. "मग त्यांनाच विचार काय कमी आहे ते," असं उत्तर आलं.

उलगडा झाला तो एका गुरुवारी, तोही माझ्या हातून नाही. स्लायडर तव्यावरून काढतच होतो तेवढ्यात लेकीचा फोन आला, स्केटिंगचा वर्ग अर्धा तास आधी सुटला होता आणि ती थंडीत दारात उभी होती. मी किल्ल्या शोधायला धावलो. बायकोने उरलेसुरले बटर पेपरमध्ये भराभर गुंडाळले, किराणा आलेल्या तपकिरी कागदी पिशवीत कोंबले आणि हातात दिले. "भूक लागली असेल तिला, गाडीतच दे."

वीस मिनिटांनी रिंकच्या पार्किंगमध्ये लेकीने पिशवी उघडली. मी गाडी मागे घेत होतो. वास आला आणि मी ब्रेक दाबला.

आपण समजतो की पदार्थ तव्यावरून उतरला की झाला. हा झालेला नसतो. कागदात गुंडाळल्यावर तो स्वतःच्याच उरलेल्या वाफेत पुन्हा शिजतो. बनची साल सुरकुतते, कांदा बनला चिकटतो, पिकलचं आंबट पाणी खाली उतरतं, चार वेगवेगळ्या वस्तूंची मिळून एकच मऊ वस्तू होते. मी ताटलीत वाढत होतो, तिथेच ती वाफ उडून जात होती. ताटली ही माझ्या लेखी आदरातिथ्याची गोष्ट. स्लायडरला ती नकोच होती.

लेकीने तीन खाल्ले, मी तिथेच उभ्या गाडीत दोन. काचांवर धुकं धरलं. तिने त्यावर बोटाने चौकोन काढला आणि त्याला पाच टिंबं दिली.

आता कृतीत शेवटची पायरी म्हणून मी लिहून ठेवलंय: कागद, पिशवी, वीस मिनिटं. ओव्हनमध्ये मंद ऊब देऊन ठेवले तरी चालतात, पण पिशवी लागतेच.

डिसेंबरमध्ये रूममेट पुन्हा आला. बायकोने ताटल्या काढल्या, मी परत आत ठेवायला लावल्या. बाहेर बर्फ होता. "जॅकेट घाल, गाडीत बसू," मी म्हणालो. त्याने माझ्याकडे असं बघितलं की घरात काही भांडणबिंडण झालंय का. ड्राइव्हवेमध्ये इंजिन चालू करून बसलो, पिशवी दोघांच्या मध्ये. हीटर दोघांच्याही पायांशी चालत होता, तेवढा फरक. तो काही न बोलता खात राहिला. पहिला, दुसरा, तिसरा. चौथ्याचा कागद सोडताना त्याने विचारलं,

"कुठल्या ब्रांचमधून आणलेस?"

मी उत्तर दिलं नाही. पिशवीत अजून सहा होते, आणि गाडी या वेळी माझी होती.